लाभ, दोन, तीन : खळ्यावरची मोजणी आणि एक मंत्र

काल्पनिक जग रचणारे लोक आपल्या कामकऱ्यांच्या तोंडी हमखास एखादं गाणं घालतात. डिस्नेच्या 1937 सालच्या 'स्नो व्हाइट'मधले खाणीत खोदणारे सात बुटके आठवा. कष्टकरी म्हटला की तो गाणारच, हे जणू ठरलेलं. मला आज बोलायचं आहे ते मात्र आपल्या किन्हवलीच्या आसपासच्या, शहापूर-मुरबाडच्या भातपट्ट्याला ओळखीच्या असलेल्या एका मंत्राबद्दल. तो इतका लहान आहे की मंत्र म्हटल्यावर तुम्ही हसाल. त्यात शब्द एकच, 'लाभ'.

जुन्या मंडळींना सांगायला नको. झोडणी झाली, वारवून झालं, खळ्यात रास पडली की मापणारा पायली भरतो आणि पहिल्या मापाला 'एक' म्हणत नाही. 'लाभ' म्हणतो. मग दोन, तीन, चार. पुढचं माप भरेपर्यंत तोच आकडा हेल काढून पुन्हा पुन्हा म्हणत राहायचं, म्हणजे मोजदाद चुकत नाही. खळ्यात पायताण घालून यायचं नाही. ही चाल महाराष्ट्रभर होती.

कामाच्या गाण्यांचा विचार आपण बहुधा लयीच्या अंगानं करतो. कार्ल ब्यूखर नावाच्या जर्मन अर्थशास्त्रज्ञानं 1896 मध्ये 'श्रम आणि लय' या विषयावर एक गाजलेला ग्रंथ लिहिला. एकत्र हात चालायचे तर ताल हवा, आणि त्या तालातून गाणं येतं, असं त्याचं म्हणणं. आपल्याकडची भलरी याला चपखल बसते. एकानं म्हणायचं, बाकीच्यांनी ओढून धरायचं, आणि कापणीची पात पुढे सरकत राहायची. जात्यावरच्या ओवीचंही तेच. बाराव्या शतकातल्या 'मानसोल्लासा'त महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओवी गातात अशी नोंद आहे. ज्ञानेश्वरी त्यानंतर दीडेकशे वर्षांची. म्हणजे ओवी आधी कष्टाची, मग ग्रंथाची.

पण 'लाभ'ला ब्यूखरचा नियम पुरत नाही. इथे लय दुय्यम आहे. हा शब्द कामाला वेग देत नाही, उलट क्षणभर थांबवतो. आमच्या तत्त्वज्ञानात जे. एल. ऑस्टिननं दाखवलं की काही वाक्यं काही सांगत नाहीत, ती काही करतात. 'मी वचन देतो' असं म्हणणं हेच वचन देणं. 'लाभ' हा तसाच उच्चार. त्याला संख्या म्हणावं तर तो संख्या नाही, आशीर्वाद म्हणावा तर मोजणीत मात्र त्याची जागा पक्की! यास्काच्या निरुक्तात कौत्साचं मत येतं की मंत्रांना अर्थच नसतो. कौत्सानं एखाद्या खळ्यावर बसून ऐकलं असतं तर काय म्हणाला असता, असं मला नेहमी वाटतं.

आता खरा प्रश्न. लाभ कुणाचा?

मापणारा पुष्कळदा कूळ किंवा मजूर असे, आणि रास ज्या खंडाची, तो खंड जाई मालकाकडे. सावकाराचं देणंही त्याच खळ्यावर फेडलं जाई. चार शेरांची पायली, वीस मणांची खंडी हे कोष्टक पाठ होतं, पण पायली कुणाची? देताना लहान आणि घेताना मोठं माप, ही सावकारीविरुद्धची जुनी तक्रार. अशा वेळी मोठ्यानं म्हटलेला आकडा हा कुळाच्या हातातला एकमेव हिशेब होता. त्याला वही वाचता येत नव्हती, पण खळ्याभोवती उभ्या असलेल्या चौघांना तो आकडा ऐकू जात होता. वही मुकी असते, खळं बोलतं. माझ्या मते या मंत्राचं खरं सामर्थ्य तिथे आहे, देवाधर्मात कमी. अर्थात, खोट्या मापाची पायलीसुद्धा 'लाभ' म्हणूनच भरली जाई, हे विसरू नका.

मुरबाडहून नाणेघाट चढून गेलात की सातवाहनांचा लेख आहे. राणी नागनिकेचा म्हणून तो ओळखला जातो. त्यात यज्ञांची यादी आहे आणि पुरोहितांना दिलेल्या दक्षिणेची: गाई, घोडे, हत्ती, कार्षापण. संख्या आकड्यांच्या चिन्हांत कोरलेल्या आहेत आणि भारतातल्या जुन्यात जुन्या आकड्यांत त्यांची गणना होते. एका प्रकारच्या मंत्राची मजुरी दगडावर राहिली. घाटाखालच्या खळ्यावर मोजलेले आकडे हवेत गेले.

हवेत गेले याचा परिणाम पुढे दिसला. जानेवारी 1945 मध्ये इथून जवळच टिटवाळ्याला किसान सभेची परिषद भरली. त्याच वर्षी उंबरगाव-डहाणूकडे वारल्यांनी वेठ नाकारली. गोदावरी परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो' तुम्ही वाचलंच असेल, नसेल तर वाचा. मग 1948 चा कूळ कायदा आला आणि 1 एप्रिल 1957 हा कृषक दिन ठरला. कसणारा मालक झाला खरा, पण कूळ म्हणून सिद्ध व्हायला कागद लागत होता. पिढ्यान्‌पिढ्या खंड मापून घातलेला माणूस, पण सातबाऱ्यावर नाव नाही. खळ्यावरचे साक्षीदार होते, पण कचेरीत त्यांचं वजन किती? ज्यांची नोंद होती ते तरले. ज्यांची नव्हती, त्यांच्यातल्या कित्येकांची जमीन गेली.

पायलीही गेली. 1956 च्या वजनमापांच्या कायद्यानंतर किलो आणि क्विंटल आले. आता भात गोणीत भरून आदिवासी विकास महामंडळाच्या केंद्रावर जातं, काट्यावर आकडा उमटतो आणि पावती मिळते. पावती हवीच, तिच्याविरुद्ध माझी काही तक्रार नाही. फक्त तिथे रांगेत उभं असताना काट्यावरचा आकडा मोठ्यानं वाचून दाखवायला सांगत जा. मागच्या माणसालाही तो ऐकू यायला हवा.