तळटीप : कोपराखालचा फिरता सांधा

३. लेखकाने 'कोपर निखळले' असे सैलपणे म्हटले असले, तरी आईने मनगट धरून ओढताच मूल रडू लागले, हात किंचित वाकवून अंगाशी धरून बसले आणि सूज मात्र दिसेना, या हकिगतीवरून येथे खुद्द कोपर नव्हे, तर त्याच्याच संधिकोशात सामावलेला ऊर्ध्व प्रकोष्ठसंधी अभिप्रेत असावा. अंगठ्याच्या बाजूच्या प्रकोष्ठास्थीचे वाटोळे शीर्ष करंगळीच्या बाजूच्या अस्थीतील खाचेस टेकलेले असते. परंतु ती खाच वर्तुळाचा जेमतेम पाचवा हिस्सा पुरवीत असल्याने, उरलेले चार हिस्से एका बळकट वलयाकार बंधाने वेढलेले असतात, व कडीत फिरणाऱ्या दांड्याप्रमाणे हे शीर्ष त्यात फिरले म्हणजे तळहात उताणा वा पालथा होतो. पाचएक वर्षांखालील मुलांत हा बंध अद्याप नाजूक असल्यामुळे झटक्यासरशी शीर्षावरून सरकून सांध्यात अडकतो. हैद्राबादच्या पहिलवानाने तळहात उताणा करीत कोपर दुमडले, यास लेखक करामत समजतो. वास्तविक, वैद्यकशास्त्रासही हीच रीत मंजूर आहे. पडल्यामुळे सुजलेल्या कोपरावर मात्र वाचकांनी हा प्रयोग करू नये. तेथे अस्थिभंग असण्याचा संभव असतो. — संपादक