चौघांची बैठक आणि चौदा दिवसांचा नियम

महायुद्ध जिंकले खरे, पण ब्रिटनच्या घरात पैसा उरला नव्हता. मांसावरचे रेशनिंग थेट जुलै १९५४ पर्यंत चालले. १ जानेवारी १९४७ ला कोळशाच्या खाणी राष्ट्राच्या मालकीच्या झाल्या. पण पुढल्याच वर्षी मजूर सरकारनेच मजुरांना सांगितले, की तूर्त पगारवाढ मागू नका! सप्टेंबर १९४९ मध्ये तर पौंडाचा भाव ४.०३ डॉलरवरून २.८० वर उतरवावा लागला. आता तुम्हीच सांगा, अशा घरात जेवायला बसल्यावर दुसरे कशाबद्दल बोलणार?

हे बोलणे १९५० मध्ये बी.बी.सी.ने टेलिव्हिजनवर आणले. कार्यक्रमाचे नाव 'इन द न्यूज'. त्यात नेहमीचे चौघे असत: हुजूर पक्षाचे रॉबर्ट बूथबी, मजूर पक्षाचे मायकेल फुट, सरकारी कारकुनांच्या संघटनेचे माजी सरचिटणीस डब्ल्यू. जे. ब्राउन आणि ऑक्सफर्डचे इतिहासकार ए. जे. पी. टेलर. चौघेही भांडण्यात पटाईत, आणि पक्षाची शिस्त कुणालाच फारशी मानवणारी नव्हती. प्रेक्षकांना नेमके हेच आवडले. पक्षांना मात्र ते खुपले. 'आमच्या विश्वासातली माणसे बोलवा,' असा तगादा सुरू झाला आणि चौकडी हळूहळू पांगली. १९५५ मध्ये नव्या व्यापारी टेलिव्हिजनने तिला पुन्हा एकत्र बसवले, ही गोष्ट वेगळी.

दुसरी अडचण याहून मोठी होती. पार्लमेंटमध्ये जो प्रश्न पंधरवड्याच्या आत चर्चेला यायचा, त्यावर आपल्याकडे चर्चा करायची नाही, असा नियम बी.बी.सी.ने १९४४ पासून पाळला होता. म्हणजे प्रश्न जितका ताजा, तितकी तोंडे बंद! १९५५ च्या मे-जूनमध्ये रेल्वे इंजिनचालकांचा संप झाला, सरकारने आणीबाणी पुकारली. आणि त्याच जुलैत हा नियम सरकारी हुकूम म्हणून लेखी आला. पुढल्या वर्षी सुएझचे संकट उभे राहिले, तेव्हा त्यातला फोलपणा उघडा पडला. डिसेंबर १९५६ मध्ये तो स्थगित झाला आणि १९५७ मध्ये कायमचा सुटला.

घराघरांत आधी चर्चा झाली तर आपला मान जाईल, ही पार्लमेंटची भीती. नियम गेला, पार्लमेंट जागच्या जागी राहिले. तेव्हा वाचकहो, मजुरीवर किंवा महागाईवर चर्चा ऐकाल, त्या वेळी एवढेच पाहा: समोरचा माणूस स्वतःचे मत सांगतो आहे, की कुणाचा निरोप पोचवतो आहे?