निशिकांत कामत
२७. 'लय भारी'चे दिग्दर्शक निशिकांत कामत (१९७०–२०२०). बाभळगावच्या देशमुख घराण्यातल्या रितेशचा मराठी पडद्यावरचा नायक म्हणून पहिला चित्रपट तो हाच (२०१४), म्हणून लातूरच्या या प्रकरणात त्यांचे नाव येते. एरवी कामत मुंबईचे, रुईया महाविद्यालयातले. 'सातच्या आत घरात'चे लेखन, मग 'डोंबिवली फास्ट' (२००५). त्यातला माधव आपटे हा सरळमार्गी बँक कर्मचारी शेवटी क्रिकेटची बॅट घेऊन शहरावर उठतो. सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळालाच, शिवाय कामतांनी तीच गोष्ट माधवनला घेऊन तमिळमध्ये स्वतः पुन्हा चित्रित केली: 'एवनो ओरुवन'. पुढे हिंदीत 'मुंबई मेरी जान', 'फोर्स', 'दृश्यम', 'मदारी'. यांतले 'फोर्स' आणि 'दृश्यम' दक्षिणेकडच्या चित्रपटांवरून बेतलेले. तरी 'दृश्यम'मधला ताण उसना वाटत नाही, हे त्यांचे कसब. 'रॉकी हँडसम'मध्ये तर दिग्दर्शन सांभाळून खलनायकही तेच झाले. दुहेरी भूमिका, पंढरपूर, अजय-अतुल यांचे संगीत असा 'लय भारी'चा मसाला 'डोंबिवली फास्ट'च्या चाहत्यांना रुचला नसेल. गल्ल्याला मात्र तो चांगलाच मानवला. रितेश यांनी पुढे 'वेड' (२०२२) स्वतः दिग्दर्शित केला. —संपा.