घड्याळाचा हुकूम आणि रावेरचा सूर्य

जादूच्या कथांमध्ये वेळ मागेपुढे करणारे जादूगार असतात आणि त्यांना आवर घालणारे कायदेही असतात. आपल्या देशात मात्र उलटे घडले. इथे वेळ पुढे सरकवली ती सरकारनेच, हुकूम काढून. या हुकमांचा इतिहास मुसलमानांनी जरूर वाचावा, कारण आपल्या पाचही नमाजांच्या वेळा सूर्याशी बांधलेल्या आहेत. सूर्य माथ्यावरून ढळला की जोहर, सावली ठराविक लांबीची झाली की असर, सूर्य बुडाला की मगरिब.

रेल्वे येण्यापूर्वी गावोगावची वेळ आपापली होती. १८७० साली मुंबई-कलकत्ता लोहमार्ग जोडला गेला. भुसावळहून खांडव्याकडे जाणाऱ्या या मार्गावर रावेर आहे. त्याच वर्षी रेल्वेने देशभर मद्रासची वेळ स्वीकारली. रावेरच्या सूर्यानुसार बारा वाजले की रेल्वेच्या घड्याळात बारा वाजून सतरा मिनिटे होत आणि मुंबईच्या स्थानिक वेळेने बाराला तेरा मिनिटे कमी असत. दुपार एकच, आकडे तीन! सातपुड्याच्या पायथ्याच्या तडवी शेतकऱ्याला त्याचे काय? त्याचा दिवस उन्हावर चाले. पण गाडी पकडायची तर स्टेशनच्या घड्याळापुढे मान तुकवावीच लागे.

मुंबईकरांनी मात्र मान तुकवली नाही. १८८१ मध्ये गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईवर मद्रासची वेळ लादली. विरोध एवढा झाला की दोनच वर्षांत ती मागे घ्यावी लागली. पुढे १ जानेवारी १९०६ पासून सरकारने भारतीय प्रमाण वेळ लागू केली. मुंबईची घड्याळे ३९ मिनिटे पुढे गेली आणि गिरणी कामगार चिडले, कारण त्यांना आता तेवढे अगोदर कामावर हजर व्हावे लागणार होते. नगरपालिकेनेही जुनीच वेळ पाळली. 'बॉम्बे टाइम' १९५५ पर्यंत टिकून राहिला. हा नुसता हट्ट नव्हता. आपला दिवस केव्हा उगवतो हे विलायतेहून आलेल्या साहेबाने ठरवू नये, एवढेच त्या लोकांचे म्हणणे होते.

सर्वांत मोठी उडी दुसऱ्या महायुद्धात पडली. १ सप्टेंबर १९४२ रोजी देशातील घड्याळे एक तास पुढे केली गेली. त्याच महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात रमजान लागला. रावेरला तेव्हा सूर्य साडेसहाच्या सुमारास मावळतो. नव्या घड्याळात मात्र इफ्तारला साडेसात होत होते. उपवास मिनिटभरही लांबला नव्हता, लांबला होता तो फक्त आकडा. ही युद्धवेळ १५ ऑक्टोबर १९४५ पर्यंत चालली, म्हणजे चार रमजान तिच्या अमलाखाली गेले.

हुकूम घड्याळापुरता असतो, सूर्यापुरता नसतो, हे त्या चार रमजानांनी दाखवून दिले. पण आपण ते विसरतो. आजही गावोगावी मोठ्या शहराचे छापील वेळापत्रक भिंतीला लावलेले दिसते. मुंबईपेक्षा रावेरचा सूर्य साधारण तेरा मिनिटे आधी उगवतो. ऋतूप्रमाणे यात थोडा फरक पडतो. मुंबईच्या वेळेवर सहरी करणारा रावेरकर पहाट झाल्यावरही जेवत असतो! रावेरात सूर्य ढळतो तो नोव्हेंबरच्या सुरुवातीला सुमारे १२.१० ला आणि फेब्रुवारीच्या मध्याला १२.४० ला. वर्षभर एकच वेळ धरणाऱ्याने हा अर्ध्या तासाचा फरक ध्यानात घ्यावा.

जानेवारी २०२५ मध्ये केंद्र सरकारने भारतीय प्रमाण वेळ सर्व कामकाजात बंधनकारक करणाऱ्या नियमांचा मसुदा प्रसिद्ध केला. व्यवहाराला एक वेळ हवीच, त्याबद्दल तक्रार नाही. पण दोन गणिते एकत्र नांदू शकतात. रावेरहून पुढे गेले की बुऱ्हाणपूर लागते. तिथल्या जामा मशिदीत फारुकी सुलतान आदिलशहाने अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही कोरवला. त्यात संवत १६४६ आणि शके १५११ अशी शेजाऱ्यांची कालगणना आहे. अल्लाहच्या घरात ती मावली. मग आपल्या मनगटावर सरकारचे घड्याळ आणि डोळ्यांसमोर आपल्या गावचा सूर्य, ही दोन्ही का मावू नयेत?