पाळतीखालील प्रेम : ‘चारुलता’ आणि गोदाकाठची गाथा

१/८
सत्यजित राय यांच्या ‘चारुलता’ (१९६४) या बंगाली चित्रपटात चारू खिडकीच्या झडपांआडून, छोट्या दुर्बिणीने रस्त्यावरची माणसे न्याहाळते. थोड्याच वेळात तीच दुर्बीण जवळून निघून गेलेल्या पतीवर रोखली जाते. चोरून पाहण्यात कुतूहल किती आणि एकटेपणा किती?

२/८
मराठी मुलखात हा विषय फार जुना आहे. परभणीहून पोखर्णी नृसिंहामार्गे गंगाखेडला गेले की गोदावरी लागते. याच नदीवर, वरच्या अंगाला, सातवाहनांचे प्रतिष्ठान म्हणजे पैठण. हाल सातवाहनाच्या नावावर असलेली ‘गाथासप्तशती’ गोदाकाठच्या या जगाशी जोडलेली आहे.

३/८
महाराष्ट्री प्राकृतातील या सुमारे ७०० गाथांत पुढेही भर पडत गेली. त्यांत प्रेम विपुल आहे, एकांत मात्र दुर्मीळ. सासू, दीर, शेजारणी, सारा गाव : प्रत्येकाचा डोळा घरातील सुनेवर.

४/८
पाणपोईवरचा वाटसरू तिच्याकडे पाहत राहावे म्हणून बोटे फाकवून पाणी गळू देतो. तीही धार बारीक करते. तहान केव्हाच भागलेली असते.

५/८
दुसऱ्या गाथेत सून पाहुण्याला बजावते : सासू इथे निजते, मी इथे, दिवसा नीट पाहून ठेव, रात्री चुकून आमच्या अंथरुणावर पडशील. ऐकणाऱ्या घराला हा इशारा वाटतो. पाहुण्याला वाट कळते.

६/८
तिसरीत संकेतस्थळी फुले तोडायला येणाऱ्या धर्मशील माणसाला ती सांगते : आता खुशाल हिंडा, तो कुत्रा गोदाकाठच्या झाडीतल्या सिंहाने मारला. सिंहाचे नाव ऐकून कोण फिरकेल?

७/८
नवव्या शतकात काश्मीरच्या आनंदवर्धनाने ध्वनिसिद्धान्त मांडताना याच दोन गाथांचे दाखले घेतले. एकीत नकारातून होकार, दुसरीत होकारातून नकार. पाळतीखाली घडलेली बोली अशी काव्यशास्त्राचा आधार झाली.

८/८
तरीही सावधपणे वाचावे. अनेक गाथांत स्त्री बोलते, म्हणून त्या स्त्रियांनीच रचल्या असे ठरत नाही. राजाच्या नावे जुळवलेल्या संग्रहातून रसिक गावातील स्त्रीच्या खासगी आयुष्यात डोकावत होते. आजचा वाचकही तेच करतो. चारूच्या हाती निदान दुर्बीण होती. गाथेतील सुनेकडे होते ते केवळ दुहेरी अर्थाचे बोलणे.