बाकीची वही कोणी उघडायची?

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावात शेतकरी सावकारांच्या घरांवर चालून गेले. पाठ्यपुस्तके याला ‘दख्खनचे दंगे’ म्हणतात. ‘दंगे’ हा शब्द राज्यकर्त्यांचा. शेतकऱ्यांना हवे होते ते कर्जरोखे, आणि हाती आले ते त्यांनी जाळले. कारण रोख्यावरची बाकी एकदा कोर्टात गेली की मुद्दल किती, व्याज किती, फेडले किती, हे कोणी विचारत नसे. कुणबी हजर नसला तरी हुकूमनामा निघे.

चार वर्षांनी, १८७९ साली, सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा करावा लागला. तो आधी पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांपुरता होता. इंग्रजांना कळवळा आला असे मुळीच नाही. सारा वसूल व्हायचा तर रयत जगायला हवी. पण त्यातली दोन कलमे आजच्या कर्जदाराने जरूर वाचावीत. बाराव्या कलमाने व्यवहाराचा पहिल्यापासूनचा इतिहास तपासण्याचे काम न्यायाधीशावर टाकले. तेरावे कलम सांगते की, मध्येच ‘हिशेब मिटवून’ व्याजाचे मुद्दल केले असेल तर ते मुद्दलात धरायचे नाही. धरायचे असेल तर न्यायाधीशाने कारणे लिहावीत. ऋणकोने अंगठा दिला म्हणून कोर्टाने डोळे मिटायचे नव्हते.

पुढे सावकाराच्या जागी सरकारी बँक आली आणि कायदा उलट्या दिशेने चालू लागला. १९८४ साली बँकिंग नियमन कायद्याचे २१-अ कलम अमलात आले. बँकेचा व्याजदर अवाच्या सवा आहे, एवढ्या कारणाने कोर्टाने व्यवहार पुन्हा उघडायचा नाही! १९९४ साली कॉर्पोरेशन बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एक फट ठेवली. रिझर्व्ह बँकेचे निर्देश मोडून शेतीकर्जावर तिमाही-सहामाही चक्रवाढ लावली असेल, तर कोर्ट बघू शकते. २००१ च्या घटनापीठाने ती फट राखली, पण रीतसर मुद्दलात मिळवलेले व्याज मुद्दलच होते, असेही ठरवले. १८७९ च्या कायद्याने नेमके हेच नाकारले होते.

मग येते एकरकमी तडजोड. २००९ साली सर्वोच्च न्यायालय म्हणाले, तडजोडीबाबत रिझर्व्ह बँकेची मार्गदर्शक तत्त्वे बँकांवर बंधनकारक आहेत. २०२१ साली बिजनौरच्या नागरी सहकारी बँकेच्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितले की, तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही. २०२२ साली आणखी एक पाऊल: तडजोडीची मुदत उच्च न्यायालयाने वाढवून द्यायची नाही. बँकेने ठरवलेली तारीख चुकली की सूट गेली, जुनी बाकी उभी.

ठेवीदारांचा पैसा आहे, हे म्हणणे खोटे नाही. तडजोड हक्क झाली तर ऐपत असणारेही मुद्दाम थकवतील, ही न्यायालयाची भीतीही समजते. पण ८ जून २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने हेतुपुरस्सर कर्ज बुडवणारे आणि फसवणुकीची खाती यांच्याशीही तडजोडीची मुभा दिली, फौजदारी कारवाईला बाधा न आणता का होईना. ज्यांच्या नावाने भीती घातली, त्यांनाच दार उघडे!

आपल्या वस्तीतल्या कर्जदाराचे काय? महात्मा फुले मागासवर्ग विकास महामंडळाच्या बीजभांडवल योजनेत येणेकरी दोन असतात, बँक आणि महामंडळ. बँकेशी तडजोड झाली, पावती मिळाली, माणूस घरी निवांत बसला, म्हणून महामंडळाचे येणे आपोआप मिटत नाही. ते वेगळे लिहून घ्यावे लागते, आणि हे सांगायला काउंटरवर कोणाला वेळ नसतो. मग बेबाकी दाखला अडतो.

घटना समितीत बाबासाहेबांनी दाद मागण्याच्या कलमाला घटनेचा आत्मा म्हटले होते. बाकी कशी झाली हेच कळत नसेल तर दाद मागायची कशावर? कर्जमाफी मागणारे मोर्चे निघतात, निघोत. आमची मागणी त्याहून साधी आहे. तडजोडीच्या प्रत्येक पत्रासोबत पहिल्या हप्त्यापासूनचा उतारा द्या, मराठीत, मुद्दल एका रकान्यात आणि व्याज दुसऱ्या.