देवगिरीचे ५०४० आणि व्हिएन्नाचे बारा: स्वरांच्या क्रमाची गोष्ट

१/ ‘युरोपने विसाव्या शतकात जे शोधले, ते आपल्याकडे आधीच होते.’ हे वाक्य आपण साऱ्यांनीच कधी ना कधी पुढे पाठवलेले असते. आजच्या थ्रेडमध्ये अशा एका उदाहरणाची छाननी करू, जिथे हे वाक्य जवळजवळ खरे ठरते. उदाहरण आहे आधुनिक पाश्चात्त्य संगीतातील सिरियलिझमचे. त्याचा एक धागा थेट देवगिरीच्या यादवांपर्यंत जातो. तो कुठवर टिकतो आणि कुठे तुटतो, हे पाहायचे आहे.

२/ आधी सिरियलिझम म्हणजे काय ते पाहू. युरोपीय संगीतात कित्येक शतके एक स्वर घरासारखा असे. रचना तिथून निघे आणि तिथेच विसावे. आपल्या षड्जाशी त्याची ढोबळ तुलना करता येईल. १९०८ च्या सुमारास व्हिएन्नाच्या आर्नोल्ड शोनबर्ग यांनी हे घर सोडले. प्रश्न उरला तो असा की, घर सोडल्यावर दीर्घ रचना उभी करायची तरी कशाच्या आधारावर?

३/ १९२१ ते १९२३ या काळात त्यांना उत्तर सापडले. सप्तकातील बाराही स्वर एका ठरावीक क्रमाने मांडायचे. मालिका पूर्ण होईपर्यंत एकही स्वर मालिकेत दुसऱ्यांदा यायचा नाही. मग तीच मालिका उलट्या दिशेने वाजवायची, तिचे चढउतार पालटायचे, पालटलेलीही उलट वाजवायची. ही चार रूपे बारा वेगवेगळ्या स्वरांपासून सुरू करता येतात; म्हणजे एकूण ४८. संपूर्ण रचना याच साठ्यातून घडवायची.

४/ यामागची सौंदर्यदृष्टी ध्यानात घ्यावी. येथे कोणताही स्वर राजा नाही आणि कोणी मांडलिकही नाही. ऐकणाऱ्याला ओळखीची धून मिळेल याची हमी नाही. पण प्रत्येक स्वर आपल्या जागी का आहे, याचे उत्तर मालिकेत असते. बारा स्वरांचे क्रम होतात ४७ कोटी ९० लाख १ हजार ६००. रचनाकार त्यातून एक निवडतो, आणि त्या रचनेपुरता तो क्रमच कायदा होतो.

५/ आता सातशे वर्षे मागे येऊ. तेराव्या शतकाचा पूर्वार्ध. देवगिरीवर यादव राजा सिंघण याची सत्ता. मूळचे काश्मिरी असलेले एक वैद्यविद्येचे घराणे दक्षिणेत येऊन यादवांच्या आश्रयाला स्थिरावले होते. त्याच घराण्यातील शार्ङ्गदेव यांनी ‘संगीतरत्नाकर’ हा सात अध्यायांचा संस्कृत ग्रंथ रचला. स्वर, राग, प्रबंध, ताल, वाद्ये, नृत्य असा सारा पसारा त्यात आहे. आपल्याला हवे ते प्रकरण पहिल्याच, स्वरगताध्यायात सापडते.

६/ प्रश्न साधा आहे: सात स्वर, प्रत्येक एकदाच वापरायचा, तर क्रम किती? आमच्या संत तुकाराम नगरात हे गणित समजावणे सोपे जाते. तीन कामगार आणि फर्स्ट, सेकंड, नाईट अशा तीन पाळ्या असतील, तर वाटप सहा प्रकारे होते. चौथा कामगार आणि चौथे काम आले की २४, पाचवे आले की १२०, सहावे आले की ७२०. सातवर पोहोचलो की ५०४०. शार्ङ्गदेव नेमका हाच आकडा देतात.

७/ त्यांचे खरे कर्तृत्व आकड्याच्या पुढे आहे. हे सारे क्रम एकही न गाळता, एकही न दुबार करता कसे लिहावेत, याची रीत ते सांगतात. तिचे नाव प्रस्तार. तीन स्वरांचा प्रस्तार असा:
स रि ग
रि स ग
स ग रि
ग स रि
रि ग स
ग रि स
पहिल्या दोन ओळी ‘ग’वर संपतात, पुढच्या दोन ‘रि’वर, शेवटच्या दोन ‘स’वर. संपूर्ण यादी याच शिस्तीने वाढत जाते.

८/ मग दोन प्रश्न येतात. केवळ ओळीचा क्रमांक दिला तर ती ओळ कोणती? हे ‘नष्ट’. ओळ दिली तर तिचा क्रमांक कोणता? हे ‘उद्दिष्ट’. दोन्हींसाठी ‘खंडमेरू’ नावाचा कोठ्यांचा तक्ता आहे. त्यात १, २, ६, २४, १२०, ७२० हे आकडे आणि त्यांच्या पटी भरलेल्या असतात. योग्य कोठ्यांत खडे ठेवायचे आणि त्यांतील आकड्यांची बेरीज करायची. ५०४० ओळी लिहून काढण्याची गरजच राहत नाही.

९/ करून पाहू. स, रि, ग, म या चार स्वरांच्या २४ ओळींपैकी पंधरावी कोणती? सहा सहा ओळींचे चार गट होतात. ते अनुक्रमे म, ग, रि, स यांवर संपतात. पंधरावी तिसऱ्या गटातली तिसरी, म्हणजे शेवटी ‘रि’. उरले स, ग, म; त्यांच्या प्रस्तारातली तिसरी ओळ ‘स म ग’. उत्तर: स म ग रि. आज ही गणना क्रमचयांच्या गणितात शिकवली जाते.

१०/ या टप्प्यावर ‘सिरियलिझमचा जन्म देवगिरीत’ असे लिहून टाकण्याचा मोह होतो. त्यात आणखी एक खरी गोष्ट भर घालते. शार्ङ्गदेवांच्या तालाध्यायात १२० देशी तालांची यादी आहे. द्रुत, लघु, गुरु, प्लुत अशा मापांत प्रत्येक तालाचा आकार बांधलेला. ही यादी विसाव्या शतकाच्या आरंभी फ्रेंच भाषेत पोहोचली. लाव्हिन्याक यांच्या संगीतविश्वकोशात जोआनी ग्रोसे यांनी भारतीय संगीतावर लिहिलेल्या लेखात ती छापली गेली.

११/ ती वाचणाऱ्यांत ओलिव्हिए मेसियाँ (१९०८–१९९२) हे फ्रेंच रचनाकार होते. दुसऱ्या महायुद्धात ते जर्मनांचे युद्धकैदी झाले. १५ जानेवारी १९४१ रोजी ग्योर्लिट्सच्या छावणीत त्यांची ‘काळाच्या अंतासाठी चौकडी’ ही रचना प्रथम सादर झाली. तिच्या पहिल्या भागात पियानोची लय तीन देशी तालांतून घडली आहे: रागवर्धन, चंद्रकला आणि लक्ष्मीश. यादव दरबारात नोंदलेले ताल कैदी छावणीत वाजले, ही कल्पना नव्हे. नोंदलेली घटना आहे.

१२/ या तालांचे त्यांनी काय केले, ते पाहण्याजोगे आहे. तिन्ही जोडून १७ कालमापांची मालिका केली आणि ती पुन्हा पुन्हा फिरवली. सोबत २९ स्वरगुच्छांची दुसरी मालिका स्वतंत्रपणे फिरते. १७ आणि २९ या दोन्ही मूळ संख्या, म्हणून दोन्ही चक्रे एकदम आरंभाला येण्यास ४९३ आघात लागतात. तत्पूर्वीच तो भाग संपतो. लय आणि स्वर यांची अशी फारकत करणे हे पुढच्या सिरियलिझमचे बीज होते.

१३/ १९४९ मध्ये मेसियाँ यांनी एका छोट्या पियानोरचनेत स्वर, कालावधी, आघात आणि तीव्रता या चारींच्या मोजक्या याद्या ठरवल्या. युद्धानंतरच्या तरुण पिढीवर तिचा खोल परिणाम झाला. पिएर बुलेझ यांनी तिच्यातीलच बारा स्वरांची मालिका घेऊन ‘स्त्रुक्तुर’चा पहिला भाग रचला. त्यात स्वरांइतकेच कालावधीही मालिकेच्या स्वाधीन झाले. श्टोकहाउजन त्याच वाटेने गेले.

१४/ आता धागा कुठे तुटतो ते पाहू. पॅरिसला पोहोचली ती तालांची यादी. शोनबर्ग यांची बारा स्वरांची पद्धत युरोपीय संगीताच्या स्वतःच्या पेचातून जन्मली होती. खंडमेरू आणि ती मालिका यांत गणिताचे साम्य आहे; पण साम्य म्हणजे वारसा नव्हे. शिवाय त्या तालांचे गायन-वादनातले जिणे, हाताने दाखवण्याची क्रिया आणि सोबतचा प्रबंध हे सारे वाटेतच गळाले होते. छापील पानावर उरले होते ते केवळ मापांचे क्रम.

१५/ खंडमेरूचे आपल्याकडचे वारस पाहिले की फरक उजळतो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुरादाबादकडून छज्जू खाँ, नझीर खाँ आणि खादिम हुसेन खाँ हे बंधू मुंबईत येऊन स्थायिक झाले. त्यांचे घराणे भेंडीबाजार घराणे म्हणून ओळखले जाते, आणि मेरुखंडाची तालीम हे त्याचे वैशिष्ट्य. गोव्याच्या अंजनीबाई मालपेकर याच घराण्याच्या. इंदूरच्या उस्ताद अमीर खाँ यांनाही वडिलांकडून मेरुखंडाची तालीम मिळाली होती.

१६/ शिष्य सारे क्रम घोटतो. गाताना मात्र बहुतेक बाजूला ठेवतो. कोणते ठेवायचे ते राग सांगतो. भूप आणि देसकार यांचे स्वर तेच पाच: सा रे ग प ध. दोघांचे १२० क्रमही तेच. गणिताला हे दोन राग वेगळे ओळखता येणार नाहीत. कान ओळखतो, कारण भूपात गांधार वादी आहे आणि देसकारात धैवत. शोनबर्ग यांनी कोणत्याही स्वराला असे वजन मिळू नये याचीच काळजी घेतली. आपल्याकडे त्या वजनातूनच राग उभा राहतो.

१७/ म्हणून ‘त्यांचे आधी आमचे होते’ म्हणण्याने शार्ङ्गदेव मोठे होत नाहीत. त्यांनी स्वतःला विचारलेला प्रश्न पुसला जातो आणि त्या जागी शोनबर्ग यांचा प्रश्न बसतो. देवगिरीच्या ग्रंथाने गायकापुढे सर्व शक्यता मोजून ठेवल्या आणि निवड त्याच्या कंठावर सोडली. व्हिएन्नाच्या पद्धतीने एक शक्यता निवडून तिचे परिणाम अखेरपर्यंत स्वीकारले. दोन्ही धाडसे आहेत. ती एकमेकांची पूर्वावृत्ती नाहीत.

१८/ आणि गर्वच करायचा, तर ग्रंथ जपणाऱ्यांचा करावा. चौदाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात यादवांची सत्ता संपली; ग्रंथ उरला. पंधराव्या शतकात विजयनगरात कल्लिनाथांनी त्यावर टीका लिहिली. १८९६-९७ मध्ये पुण्याच्या आनंदाश्रमाने मंगेश रामकृष्ण तेलंग यांच्या संपादनाखाली ती टीकेसह छापली. पिंपरीहून मेट्रोने तासाभरात जाता येईल अशा शहरात हे काम झाले, हे आपल्यातल्या फार थोड्यांना ठाऊक असते.

१९/ जाता जाता एक ‘उद्दिष्ट’ तुमच्यासाठी. स, रि, ग, म यांच्या प्रस्तारात ‘ग म स रि’ ही ओळ कितवी? नवव्या भागातली रीत पुरेशी आहे. २४ ओळी लिहून न काढता उत्तर काढा आणि खाली नोंदवा. कसे काढले, तेही लिहा.